गोठ्याकडे पाहणारी मुलगी

"तोंड तिकडे कर."

मंडळी, शोकसभेत अशी सुरुवात करत नाहीत, हे मला कळतं. पण कालपासून काय बोलायचं याचा विचार करतेय आणि दर वेळी हे एकच वाक्य माझ्यापुढं येऊन उभं राहतंय. खूप वर्षांपूर्वी, याच गावात, एका लग्नाच्या अंगणात, एका आईनं आपल्या मुलीला हे म्हटलं होतं. ती मुलगी म्हणजे सुनंदा. आपली नंदा. आणि ती आई इथं पहिल्या रांगेत बसली आहे. कमलकाकू.

काकू, तुम्ही दचकलात. मी तक्रार करायला उभी राहिलेली नाही.

बोलणं अवघड आहे. मी लिहिते, त्यामुळे लोकांना वाटतं हिला शब्दांची काय कमी. पण लिहिलेलं खोडता येतं. इथं एकदा बोललं की बोललं. तेव्हा सांभाळून घ्या. समोर बोरी अरबची माणसं आहेत. दारव्ह्याहून काही आले आहेत. उमरखेडहून नंदाची मावशी सकाळच्या एसटीनं आली आहे. आणि ज्यांच्या लग्नाचे फोटो नंदाच्या हातून गेले अशा कितीतरी बाया मला इथून दिसतात. तुम्ही सगळ्या तिला ओळखता. तरीही मी तिच्याबद्दल सांगणार आहे, कारण तिनं काय काम केलं ते आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिलेलं नाही.

मला न ओळखणाऱ्यांसाठी एवढंच सांगते की माझे बाबा इथं पोस्टात होते. आम्ही पोस्टामागच्या खोल्यांत राहायचो. नंदा आणि मी याच शाळेत होतो, या हॉलच्या मागच्या वर्गात. एका बाकावर.

तिच्या शेजारी बसले म्हणून मला पुढं पुष्कळ लोकांनी मोठ्या मनाची म्हटलं. तसं काही नव्हतं. मला फळ्यावरचं दिसत नव्हतं, चष्मा लागायचा होता, आणि पहिल्या बाकावर जागा फक्त तिच्याच शेजारी होती. का होती, ते तुम्हाला माहीत आहे. अकराव्या वर्षी तिच्या उजव्या गालावर, कानाजवळ, तुरीच्या दाण्याएवढा पांढरा डाग आला. मग ओठाच्या कोपऱ्यात एक. मग भुवईवर. गावात कुजबूज झाली, कोड आहे म्हणाले. मुलींच्या आयांनी मुलींना सांगितलं, तिच्या डब्यातलं खाऊ नका. माझ्या आईनंही सांगितलं होतं. पण नंदाच्या डब्यात तिळाची चटणी असायची, आणि काकू, तुमची तिळाची चटणी... आईचं ऐकणं शक्यच नव्हतं.

तर ते लग्न. नंदाच्या चुलत बहिणीचं. दुपारी अंगणात सगळ्यांचा एकत्र फोटो काढायचा ठरलं. दारव्ह्याचा फोटोग्राफर आला होता. बाया पदर सारखे करत होत्या, पोरं मधे घुसत होती. नंदा दुसऱ्या रांगेत उभी होती, आणि मी कडेला, पाहुणी म्हणून. फोटोग्राफर आता काढणार, एवढ्यात त्याच्या पाठीमागून काकूंनी हळूच म्हटलं, "नंदे, तोंड तिकडे कर." तिकडे म्हणजे कुठं, तेही हातानं दाखवलं.

तिकडे गोठा होता.

तो फोटो अजून गजूभाऊंच्या घरात आहे. गजूभाऊ म्हणजे नंदाचा धाकटा भाऊ, सगळ्यांना माहीत आहे. त्या फोटोत सगळं घर कॅमेऱ्याकडे पाहतंय आणि एक मुलगी गोठ्याकडे. नंदा हा किस्सा सांगायची तेव्हा हसून हसून तिच्या डोळ्यांत पाणी यायचं. म्हणायची, "सारे कॅमेऱ्याकडे पाहून राह्यले अन् मी बैलाकडे. बैल मात्र माह्याकडेच पाहून राह्यलता."

मोठेपणी ती म्हणायची की तिचा पहिला फोटो तोच. तिनं काढलेला नव्हता, पण तिचाच.

मंडळी, नंदा काय करायची? फोटो स्टुडिओ चालवायची, हे तुम्ही सांगाल. पासपोर्ट फोटो, झेरॉक्स, लग्नाचे अल्बम. बरोबर आहे. पण त्याशिवाय वीसएक वर्षं ती आणखी एक काम करत होती. ती स्वतःचे फोटो काढायची. स्वतःचीच फिल्म करायची. आजकाल फोनवर आपण सगळेच आपले फोटो काढतो, तसे नाही. आपण छान दिसेपर्यंत काढतो. ती दिसेपर्यंत काढायची.

हे कुठून सुरू झालं ते सांगते.

लग्नाचं वय झालं. स्थळांना पाठवायला फोटो हवा म्हणून तिला दारव्ह्याच्या स्टुडिओत नेलं. तेव्हा कॉम्प्युटर नव्हते. स्टुडिओवाले काका बारीक ब्रशनं, रंगानं, हातानं फोटो दुरुस्त करायचे. त्यांनी नंदाचे डाग काढून टाकले. सगळे. फोटो घरी आला. नंदाचे वडील खूश झाले, भल्ली गोरी दिसते म्हणाले. फोटो घरभर फिरला आणि शेवटी नंदाच्या हातात आला. तिनं पुष्कळ वेळ पाहिला. मग विचारलं, "ही कोण व्हय?"

सगळे हसले. तो विनोद आहे असंच सगळ्यांना वाटलं.

फोटो पाहून महागावकडचे पाहुणे आले. नंदानं पोहे नेऊन दिले आणि ती समोर सतरंजीवर बसली. पाहुण्यांनी पोहे खाल्ले. पाण्यापावसाचं बोलले, कापसाचं बोलले. मग त्यातल्या एका बाईनं अगदी साधेपणानं म्हटलं, "आता मुलीला बोलवा ना."

ती समोरच बसली होती.

पुढं काय झालं ते सांगायला नको. ते स्थळही गेलं आणि नंतरचीही गेली. पण त्या दिवसाचं नंदाला वाईट वाटलं असं तुम्हाला वाटेल तर ते अर्धंच खरं आहे. तिला नवल वाटलं होतं. मला तिनं सांगितलं, "मी बसली होती अन् नव्हती बी. हे त्या काकानं केलं तरी कसं?" आणि पुढच्याच आठवड्यात ती एसटीत बसून दारव्ह्याला गेली आणि स्टुडिओवाल्या काकांना म्हणाली, मला हे शिकवा.

काका चांगला माणूस. त्यांनी शिकवलं. आणि नंदा त्यांच्याहून पुढं गेली. मंडळी, या हॉलमध्ये बसलेल्या किती जणींच्या लग्नाच्या फोटोंतून नंदानं मुरमं काढली, देवीचे वण काढले, डोळ्यांखालची काळी वर्तुळं काढली? कितीकांना गोरं केलं? हात वर करू नका. हसलात, बरं वाटलं. नंदाला आवडलं असतं. तालुक्यात तिच्यासारखं साफ काम कोणाचं नव्हतं. दूरदूरून लोक अल्बम घेऊन यायचे. ज्या मुलीच्या शेजारी बाकावर बसायचं नाही म्हणून आयांनी बजावलं, त्याच आया नंतर आपल्या मुलींचे फोटो तिच्याकडे घेऊन आल्या आणि म्हणाल्या, जरा उजळ करून दे वो नंदा.

मी तिला विचारलं होतं, तुला राग नाही येत? मला वाटलं ती काही तिखट बोलेल. ती म्हणाली, "लोक खोटं नाही मागत वं. एका दिवसाची सुट्टी मागते. आपल्या तोंडापासून सुट्टी. देली तं काय बिघडलं?"

हे वाक्य लक्षात ठेवा. मला पुढं त्याच्याकडे परत यायचं आहे.

स्टुडिओवाले काका थकले, तेव्हा नंदानं बोरीला बस स्टँडजवळ आपलं दुकान टाकलं. काकांचा जुना पडदा तिनं मागून आणला होता. निळं तळं, कमळं, मागं डोंगर. संध्याकाळी गिऱ्हाईक कमी झालं की ती त्या पडद्यापुढं स्टूल ठेवून बसायची आणि स्वतःचा फोटो काढायची. पहिल्यांदा गंमत म्हणून. एकदा नवरीचा शालू नेसून. एकदा वडिलांचा सदरा आणि टोपी घालून. एकदा माझा चष्मा लावून, माझ्यासारखी खांदे पाडून, आणि मला पाठवून विचारलं, लेखिका दिसतो का? मी चिडले होते. इतकी हुबेहूब मीच दिसत होती ती.

वेष बदलायचा, पण चेहऱ्याला ती हात लावायची नाही. ज्या कॉम्प्युटरवर दिवसभर जगाचे डाग काढायची, त्याच कॉम्प्युटरवर आपला फोटो उघडायची आणि तसाच ठेवायची.

मी तिला एकदा जरा टोचूनच विचारलं. म्हटलं, सदानकदा आपलाच चेहरा का गं? दुसरी माणसं नाहीत का जगात? ती म्हणाली, "दुसऱ्याचं तोंड घेतलं की हात सवयीनं साफ कराले जाते. माह्यं एकच तोंड हाय, जे मी साफ नाही करत."

मंडळी, माझ्या लिहिण्याच्या आयुष्यात मी कामाबद्दल इतकं सरळ वाक्य ऐकलेलं नाही.

फोटोंवरून ती फिल्मकडे गेली. लग्नाच्या शूटिंगचा कॅमेरा होताच. तिच्या फिल्ममध्ये गोष्ट नसते, गाणं नसतं. ती असते. बसलेली, उभी, पाहत असलेली. नागपूरला आणि पुण्याला प्रदर्शनांत तिची कामं लागली. मी सोबत गेले होते. तिथं एका गृहस्थांनी तिचा हात हातात घेऊन म्हटलं, केवढं तुमचं धाडस. ती खोलीवर आल्यावर चप्पल काढता काढता मला म्हणाली, "धाडस कायचं? तोंड हाय माह्यं."

त्या सगळ्या फिल्ममधल्या दोनच सांगते.

पहिली. काकू, ही सांगू ना? सांगते. राग आला तर उद्या घरी येऊन बोलणी खाईन.

नंदा लहान असताना काकू रोज सकाळी तिच्या डागांना बावचीचं तेल लावायच्या आणि कोवळ्या उन्हात बसवायच्या. वर्षानुवर्षं. शेतात जायच्या आधी, चूल पेटायच्या आधी. मग कधीतरी ते थांबलं. डाग थांबले नाहीत. नंदा चाळिशीला आली तोवर उजवी बाजू जवळजवळ पूर्ण पांढरी झाली होती, डाव्या बाजूलाही पसरत होतं. अशात एके दिवशी ती आईला म्हणाली, माय, एकदा तेल लाव मले, पहिलेसारखं. काकूंना बरं वाटलं असणार. पोरीनं मनावर घेतलं. त्यांनी एकच अट घातली, तुझ्या त्या कॅमेऱ्यात मी दिसले नाही पाहिजे.

म्हणून त्या फिल्ममध्ये काकू दिसत नाहीत. नंदा ओसरीत बसली आहे, डोळे मिटून. बाजूनं एक हात येतो. बांगड्यांचा, सुरकुत्या पडलेला हात. बोटाला तेल. ते बोट कानाजवळ जातं आणि तुरीच्या दाण्याएवढं गोल करतं. मग ओठाच्या कोपऱ्यात. मग भुवईवर. आणि हात परत जातो. बस.

तेव्हा काकू दाराकडे पाहत होत्या म्हणे, कोणी येतं का म्हणून. चेहऱ्याकडे पाहतच नव्हत्या. तरी बोट चुकलं नाही. अकरा वर्षांच्या नंदाला जिथं जिथं डाग होते, तिथंच तेल लागलं. एवढ्या पांढऱ्या पसरलेल्या गालावर तीन छोटे ठिपके.

नंदानं मला ती फिल्म दाखवली तेव्हा मी रडले. मी म्हटलं, म्हणजे काकूंनी त्यानंतर तुझ्याकडे पाहिलंच नाही गं. ती माझ्यावर रागावली. म्हणाली, "तुले समजत नाही. माय अजून त्या पोट्टीलेच तेल लावून राह्यली. विसरली नाही ते मले. पाहणं तेवढं थांबलं."

आणि फिल्म बंद करता करता म्हणाली, "होईन सुरू."

मंडळी, माझ्या मैत्रिणीची एवढीच इच्छा होती. नागपूर-पुण्याला तिचं काय लागलं, कोण काय म्हणालं, याचं तिला फार नव्हतंच. तिला वाटायचं, कधीतरी माय आपल्याकडे बघेल. सरळ. आता आहे त्या चेहऱ्याकडे.

दुसरी फिल्म त्याच अंगणातली. तोच गोठा. नंदा अंगणात उभी आहे, तोंड गोठ्याकडे, त्या जुन्या फोटोत होतं तसं. आणि ती मान वळवते. एकदाच. पण इतकी हळू, इतकी हळू, की वळताना दिसत नाही. गजूभाऊंना तिनं कॅमेऱ्याजवळ बसवलं होतं, शेळ्या मधे येऊ नयेत म्हणून. गजूभाऊ कंटाळून म्हणाले, "ताई, हालूनच नाही राह्यली तं व्हिडिओ कायले? फोटोच काढ ना." ती ओठही न हलवता म्हणाली, "हालून राह्यली. तुले दिसून नाही राह्यलं."

गजूभाऊ, बरोबर ना? हेच म्हणाली ना?

आणि शेवटी, केव्हा झालं ते कळत नाही, पण ती आपल्याकडे पाहत असते. पूर्ण चेहरा. पांढरा, सावळा, जसा आहे तसा. एवढीच फिल्म आहे. साधारण दोन मिनिटांची.

मग पावसाळा सरता सरता तिला ताप आला. साधाच वाटला. तिनं दुकानही उघडलं होतं एक-दोन दिवस. मग यवतमाळला दवाखान्यात नेलं. मी भेटायला जायची. बोलताना दम लागायचा, तरी नर्सला म्हणाली, केसपेपरवरचा फोटो कोणी काढला, उजेड चुकला आहे. आणि मग एका सकाळी गजूभाऊंचा फोन आला.

आता तुम्ही माझ्या मागं पाहा. नाही, तुम्ही पाहतच आहात. मलाच मागं वळायचं आहे.

हा फ्लेक्स. पुढं खुर्चीवर हार घातलेली तसबीर. दोन्हीवर एकच चेहरा. 'भावपूर्ण श्रद्धांजली' आणि खाली नाव. चेहरा गोरा, नितळ. एक डाग नाही.

काल मी बसमधून उतरले तेव्हा हा फ्लेक्स स्टँडवरही लागला होता. मी त्याच्याखालून पुढं गेले. खरं सांगते, मी तिला ओळखलं नाही. नाव वाचून मागं आले.

हा फ्लेक्स रवीभाऊंनी केला. ते तिथं शेवटी, दाराजवळ उभे आहेत. दोन मुलांचे बाप आहेत, आज त्यांचं स्वतःचं फ्लेक्सचं दुकान आहे, पण काम शिकले ते नंदाच्या हाताखाली. मी रागातच त्यांच्या दुकानात गेले. विचारलं, हे काय केलंत? ते रडवेले झाले. म्हणाले, "ताईनंच शिकवलं ना मले. कोणाचाही फोटो आला की पहिले तोंड साफ करायचं, मंग बाकीचं. अन् हा तं ताईचा शेवटचा फोटो. जीव लावून केला." मग त्यांनी स्क्रीनवर मला जवळून दाखवलं. त्वचेचा पोत राखला आहे, सावली राखली आहे. नंदाची पद्धत. इतकं सुंदर काम की नंदानं शाबासकी दिली असती.

आपल्या गुरूला त्यांनी गुरूनंच दिलेलं वाहिलं होतं. रवीभाऊ, मी तुमच्यावर आवाज चढवला. मनावर घेऊ नका.

ते म्हणाले, तसाही फोटो करून देतो, डागांसकट, आत्ता देतो, पण काकूले विचारा.

म्हणून मी काल दिवेलागणीला काकूंकडे गेले. फ्लेक्सचं मला फार नाही. तो उद्या उतरेल आणि कोणाच्या तरी गोठ्यावर पावसाला आडोसा म्हणून जाईल, आपल्याकडं जातो तसा. नंदा हसेल, म्हणेल, शेवटी बैलाकडेच पाठवलं मले. पण ही तसबीर घरी जाणार आहे. नंदाच्या वडिलांच्या तसबिरीशेजारी खिळा ठोकून झाला आहे. ती तिथं राहणार. गजूभाऊंची नातवंडं होतील, विचारतील, ही कोण? त्यांना सांगितलं जाईल, ही तुमच्या बाबांची नंदाआत्या. आणि ते पाहतील ती नंदा नसेल. पाहुण्यांपुढं ज्या मुलीचा फोटो गेला होता, ती असेल.

हे सगळं मी काकूंना सांगितलं. मला वाटतं, मी जरा जास्तच बोलले. काकू शेंगा फोडत होत्या. त्यांनी हात थांबवला नाही. माझं संपल्यावर म्हणाल्या, "जलमभर लोकायनं तिचे डागच पाह्यले, बाई. आता तरी तिले पाहतीन."

मंडळी, मी तिथून उठले. रात्रभर मी नंदाचं ते वाक्य मनात फिरवत होते. लोक सुट्टी मागतात. आपल्या तोंडापासून सुट्टी. मग आता ती गेल्यावर आईनं तिला सुट्टी दिली, तर मी कोण नको म्हणणारी? आई म्हणजे आई. मी बाकावरची मैत्रीण. तसबीर तुमची आहे काकू, भिंत तुमची आहे. मी पुन्हा तो विषय काढणार नाही.

पण एक गोष्ट मला सुचली ती सांगते, कारण सांगितली नाही तर घरी जाऊन मला झोप लागायची नाही. नंदानं सगळ्यांना सुट्टी दिली. जिनं मागितली तिला दिली, हसत दिली. स्वतःसाठी तिनं ती कधीही घेतली नाही. करता येत नव्हतं म्हणून नाही. तालुक्यात तिच्याइतकं चांगलं कोणालाच करता येत नव्हतं. एका बटणाचं काम होतं. रोज संध्याकाळी ती त्या बटणापाशी बसायची आणि ते दाबायची नाही. का? ती कोणाची तरी वाट पाहत होती, असं मला वाटतं. आणि ज्याची वाट पाहायची, तो आल्यावर आपण जागेवर नको का? दुसरंच कोणी तिथं बसलेलं असेल तर तो माणूस म्हणेल, आता मुलीला बोलवा ना.

तर आता माझं शेवटचं.

सभेच्या शेवटी आपण दोन मिनिटं उभं राहतो. मान खाली घालतो, डोळे मिटतो. तीच रीत आहे. पण मंडळी, जरा आठवून पाहा. नंदा रस्त्यानं जाताना आपण काय करायचो? मान खाली घालायचो. वाईट म्हणून नाही, तिला अवघडायला नको म्हणून. दुकानात समोर आली की आपण तिच्या खांद्याकडे बघून बोलायचो. तिच्यासाठी मान खाली घालणं आपण पुष्कळ केलं. आज आणखी दोन मिनिटं तेच करायचं?

फ्लेक्सच्या बाजूची ही भिंत रिकामी आहे. रवीभाऊंनी प्रोजेक्टर जोडून ठेवला आहे. गजूभाऊंनी होकार दिला आहे, फक्त म्हणाले, माय नाही पाहणार. दिवे घालवले की नंदाची ती अंगणातली फिल्म सुरू होईल. आपण उभे राहू. कोणी बोलणार नाही. पण डोळे उघडे ठेवू या. सुरुवातीला ती गोठ्याकडे पाहत असेल. कंटाळू नका, ती हलते आहे. आपल्याला दिसत नाही एवढंच.

आणि काकू, तुमच्याकडे एक मागते. काल तसबिरीला तुम्ही नाही म्हणालात, आताही नाहीच म्हणाल. दिवे गेले की तुम्ही पदर डोळ्यांना लावाल आणि दाराकडे पाहत राहाल, मला माहीत आहे. तो तुमचा हक्क आहे, आणि त्याबद्दल मी किंवा इथं कोणीही तुम्हाला काही म्हणणार नाही. तरी मागते. तसबीर बदला असं म्हणत नाही. त्या चेहऱ्याला चांगलं म्हणा असंही म्हणत नाही. ती मान वळवायला दोन मिनिटं घेते, आणि वळवून झाल्यावर ती जिथं पाहते तिथं त्या दिवशी फोटोग्राफर उभा होता. त्याच्या मागं तुम्ही होतात.

रवीभाऊ, दिवे घालवा. सगळे उभे राहा.

काकू, तोंड इकडे करा.